घराच्या हयातीचा दाखला

दाखल्यांच्या कार्यालयाच्या खालच्या हॉलमध्ये भिंतीवर एक खिळा आहे. त्याच्याभोवती ताटाएवढा फिकट गोल. बाकी भिंत धुळकट.

एक माणूस सकाळी गुळगुळीत दाढी करून आत गेला. संध्याकाळी बाहेर आला तेव्हा हनुवटीवर तीन दिवसांची खुंटं होती. बायकोने विचारलं, "होतात कुठे?" तो म्हणाला, "रांगेत."

साहेबांचे बूट चालताना अजून करकरतात. घेतले त्याला सोळा वर्षं झाली.

एक तान्हं मूल आईच्या आठ खेट्यांत बाकावरच पालथं पडायला शिकलं. बापाने ते पाहिलं नाही. तो दर खेपेला फाटकाबाहेर सायकल धरून उभा असे.

सराईत माणूस तीन डबे घेऊन येतो.

"सदर घर तपासणीअंती मृत आढळले आहे. शुक्रवारी सकाळी तोडण्यात येईल. हरकत असल्यास घर हयात असल्याचा दाखला गुरुवारी सायंकाळी पाचपर्यंत घ्यावा."

*

गुरुवारी सकाळी पहारेकऱ्याने ताईच्या मनगटावरचं घड्याळ सोडवायला घेतलं आणि त्याचा पट्टा तुटला.

"जुना होता," तो म्हणाला आणि घड्याळ पेटीत टाकलं. पेटीत आणखी चाळीसेक घड्याळं टिकटिकत होती. भिंतीला धातू सोसत नाही, असं त्याला सांगण्यात आलं होतं. त्याच्या स्वतःच्या कमरेला किल्ल्यांचा मुठीएवढा जुडगा होता, पण त्याबद्दल त्याला कुणी काही सांगितलं नव्हतं. सगळे त्याला घड्याळदादा म्हणत.

पोर्चमध्ये शिडीवर चढून धाकटी बहीण वेलाचे फुटवे छाटत होती. तिने वरूनच आवाज दिला.

"दादा, पट्टा तुटला तर निदान हळहळा तरी!"

"कात्रीबाई, तुमचं गिऱ्हाईक आहे होय? आई का तुमची?"

कात्री शिडीवरून उतरली. दोन पायऱ्या गाळून उतरली.

"बहीण आहे. तीन वर्षांनी मोठी."

घड्याळदादाने ताईकडे पाहिलं, मग कात्रीकडे, आणि पेटीचं झाकण लावलं. ताई हसली. ती अशा वेळी हसते. टॉवेलात गुंडाळलेलं एक गाठोडं तिने छातीशी धरलं होतं, बाळाला धरावं तसं.

त्या शहरात इमारती बांधत नसत, लावत असत. पायाच्या खड्ड्यात रोप ठेवायचं, त्याला साचे बांधायचे, पाणी घालायचं, आणि दहा-बारा वर्षांत भिंत उभी राहायची, जिवंत, उबदार, हात लावला तर किंचित धपापणारी. भिंत ऐकते ते साठवते. माणसं बोलतात ते, भांडतात ते, कुणी नुसतं बसून राहिलं तर ते बसणंही. आणि जिथे पुष्कळ साठतं तिथे काळ वाकतो, हे लहान मुलालाही ठाऊक होतं. आजारी माणसाच्या खोलीत दुपार सरत नाही, लग्नघरात रात्र पुरत नाही. यात कुणाला नवल वाटत नसे. दाखल्यांच्या कार्यालयातल्या खालच्या हॉलमध्ये एका दिवसाचे तीन दिवस होतात, यातही वाटत नसे. "इमारतीचा स्वभाव आहे," लोक म्हणत आणि तिसरा डबा भरत.

कात्री तिथे सोळा वर्षं भिंतींची छाटणी करत होती. मंगळवारी जिना, बुधवारी कचेरीमागचं कुंपण, गुरुवारी पोर्च. सोमवारी हॉल, लोक यायच्या आत. हॉलचं काम आपण पाच मिनिटांत उरकतो याचा तिला अभिमान होता. बाहेर येऊन फाटकावरचं घड्याळ बघायची आणि घड्याळदादाला म्हणायची, "बघा, पाच मिनिटं! आहे कुणाचा हात असा?" खांदे मात्र पाऊण तास काम केल्यासारखे भरून यायचे. वय झालं, म्हणायची.

"कितवा खेटा?" तिने ताईला विचारलं.

"या वर्षीचा अकरावा."

"आणि काय म्हणतात?"

"काही म्हणत नाहीत. म्हणायला नंबर यावा लागतो. पाच वाजतात आणि खिडकी बंद होते."

"मी बोलते वर. सोळा वर्षांची ओळख आहे."

"मागच्या वेळीही बोलली होतीस."

कात्रीने कात्री पट्ट्यात खोचली. मागच्या वेळी शिपायाने तिला जिन्यातूनच परत पाठवलं होतं. रांग म्हणजे रांग, बाई. तिने ते ताईला सांगितलं नव्हतं.

"आज मी बसते तुझ्याबरोबर," ती म्हणाली. "बघू तर."

*

ताईचा क्रमांक एक्केचाळीस. आतून पुकारा झाला तो चारचा.

सोळा वर्षांत कात्रीने हॉल कधी भरलेला पाहिला नव्हता. शंभरेक माणसं लांब बाकांवर बसली होती. कोणी कुणाशी बोलत नव्हतं. बोलणं पहिल्या दिवशी संपलेलं असतं, ताई म्हणाली, म्हणजे साधारण सकाळी अकरापर्यंत. एक म्हातारा नखं कापत होता. बाईच्या मांडीवर विणकाम होतं, आणि ती वीण कात्रीच्या डोळ्यांदेखत बोटभर, मग वीतभर, मग हातभर झाली. एकदा सगळ्यांनी डबे उघडले. एकदा सगळे बसल्या जागी झोपले आणि उठले. खिडकीबाहेरच्या उन्हाची तिरीप फरशीवर होती तिथेच होती.

"वाजले किती असतील?" कात्रीने विचारलं.

"ते विचारायचं नसतं," मागच्या बाकावरून एक माणूस म्हणाला. "नवीन दिसता."

"मी इथलीच आहे!"

"मग तर तुम्हीच सांगा."

दोघे-तिघे हसले. ते हसूसुद्धा बराच वेळ टिकलं.

ताईने टॉवेल उलगडला. आत भिंतीचा तुकडा होता, विटेएवढा, स्वयंपाकघराच्या कोपऱ्यातला. तुटल्या बाजूने ओलसर आणि हाताला कोमट. त्याच्या एका अंगाला बारीक पांढरी मुळं लोंबत होती. ताईने ती बोटांनी विंचरल्यासारखी सरळ केली आणि तुकडा कात्रीच्या कानाशी धरला.

"दार लावलंस का?" तुकडा म्हणाला.

भावोजींचा आवाज. नऊ वर्षं झाली त्यांना जाऊन. भावोजी भिंती लावणारे. रोज रात्री अंथरुणावर पडल्यावर हाच प्रश्न, आणि ताईचं रोजचं उत्तर, "तुम्ही उठून बघा की." एका प्रश्नावर चौदा वर्षांचा संसार.

"हे घर मेलंय म्हणे," ताई म्हणाली. "तपासनीस दारातून आत आला नाही. बाहेरून बोट लावलं, थंड लागतंय म्हणाला. सकाळी सहाला कुणाची भिंत गरम असते गं? तुझा गाल थंड असतो तेव्हा."

"मग हे दाखव ना त्यांना!"

"कुणाला दाखवू? नंबर येऊ दे."

सात. पुकारा सातचा झाला. कात्रीने बाकावर मागे रेलून घेतलं आणि तिच्या डोक्याला भिंत लागली. गुळगुळीत, कोरडी, तापलेली.

ताईही वळून भिंतीकडे बघत होती. तळहाताने तिने भिंत वरपासून खालपर्यंत चाचपली, जसं भावोजी चाचपत असत.

"ही अशी बोडली कुणी?" तिने विचारलं.

"बोडली काय म्हणतेस? छाटली. मीच छाटते. इथे पांढरी मुळं फुटतात नुसती, दर आठवड्याला. या हॉलसाठी तीनदा सन्मानपत्र मिळालंय मला."

ताईने तुकडा मांडीवर ठेवला. टॉवेलाची घडी घालत राहिली. मोडली, पुन्हा घातली.

"काय झालं?"

"धाकटे, मुळं कशाला असतात?"

"कशाला म्हणजे? येतात."

"पितात ती. खोलीत काळ साचायला लागला की भिंत मुळं काढते आणि पिऊन घेते. हे सांगायचे बघ, मोरी तुंबू द्यायची नाही आणि मुळं कापायची नाहीत. आमच्याकडे एवढाली मुळं आहेत, मी त्यांच्यावर ओली फडकी वाळत घालते." ती थांबली. "इथे माणसं बसतात. साचणारच. ती बिचारी दर आठवड्याला मुळं काढते, आणि तू…"

तिने वाक्य तिथेच सोडलं. धाकट्या बहिणीला दोष देणारी वाक्यं पुरी न करण्याची तिची जुनी सवय होती.

कात्री उभी राहिली. बसली. पुन्हा उभी राहिली. म्हातारा अजून नखं कापत होता, तीच बोटं, दुसऱ्यांदा.

"वरच्या मजल्यावर छाटायची मनाई आहे मला," ती सावकाश म्हणाली. "सोळा वर्षांत एकदाही कात्री लागलेली नाही तिथे. एक भिंत आहे, ताई. हीच भिंत वर गेलीये."

"मग वर प्यालेलं उतरत असेल खाली," ताई म्हणाली. "पाणी उतरतं तसं. जाणार कुठे?"

आठ. पुकारा आठचा झाला.

कात्रीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती पायऱ्या चढून वर पोचेपर्यंत शिपाई स्टुलावरून अर्धवट उठला होता, एवढंच.

*

साहेबांच्या खोलीत भिंत दिसतच नव्हती. छतापासून फरशीपर्यंत मुळंच मुळं, मनगटाएवढी जाड, पडद्यासारखी, मंद हलणारी. खोलीत गारवा होता. टेबलावरच्या चहातून वाफ निघत होती. खिळ्यावर एक मोठं गोल घड्याळ होतं, फाटकावरच्या घड्याळाला तारेने जोडलेलं, आणि त्याचा मिनिटकाटा डोळ्याला दिसेल असा पळत होता. पावणेबारा, बारा वाजायला दहा, बारा.

साहेब तिला नोकरीवर घेताना होते तसेच होते. केसांचा भांगसुद्धा तोच. तेव्हा ते तिच्यापेक्षा दोन वर्षांनी मोठे होते. आता कुणी पाहिलं असतं तर म्हटलं असतं, मुलगा असेल.

"या, कात्रीबाई! आत्ताच येऊन बसतोय. बोला."

"हॉलची छाटणी करायचा हुकूम कुणी काढला?"

"का? काही तक्रार आहे?"

"कुणी काढला, साहेब?"

"तक्रार असेल तर तशी द्या. खाली हॉलमध्ये खिडकी आहे."

"त्या खिडकीला रांग आहे."

"असणारच," साहेब समजुतीने म्हणाले. "सगळ्यांना कसं एकाच वेळी बघणार?" आणि मग, माणूस वाईट नव्हता, त्यांनी कपाट उघडलं. फायली व्यवस्थित होत्या. पाहिजे ती लगेच सापडली. "हे बघा. फार चांगली सूचना होती. मी स्वतः मंजूर केली."

कागद पिवळा पडला होता. खालच्या मजल्यावर राहिला असावा काही दिवस.

"मा. साहेब यांस. मी नवीन लागलेली छाटणीवाली. हॉलच्या भिंतीला पांढरी मुळं फुटतात. बसणाऱ्यांच्या केसात अडकतात, दिसायलाही बरं दिसत नाही. पाहुणे येतात तिथे स्वच्छ असावं. दर सोमवारी मी जादा येऊन छाटीन. त्याची वेगळी मजुरी मागणार नाही. परवानगी द्यावी."

अक्षर तिरकं होतं. शेवटच्या ओळीचा शब्द कागदात मावला नव्हता म्हणून खाली वाकवला होता. खालची सही करायला तिला भावोजींनी शिकवलं होतं.

कात्रीने कागद दोनदा वाचला. तेवढ्यात बाहेर साडेबारा झाले.

तिने भांडण तोंडात तयार करून आणलं होतं. कुणाला कसं फाडून खायचं ते पायरीपायरीला ठरवलं होतं. आता ते तोंडात तसंच राहिलं, गिळवेना, थुंकवेना.

"मला कळत नव्हतं," ती म्हणाली. "चोवीस वर्षांची होते. झाडायचं-पुसायचं एवढंच कळत होतं. तुम्हाला कळत होतं?"

"काय?"

"खाली काय होतं ते."

"इमारतीचा स्वभाव असतो, बाई…"

"मग वर छाटू नका, हे कुणी सांगितलं? तो कागद दाखवा."

साहेबांनी फाईल मिटली. कपाटात ठेवली. पुन्हा खुर्चीवर बसले तेव्हा पाऊण वाजला होता.

"एकदा छाटायचं ठरलं होतं," ते हळू म्हणाले. "तुमच्याच दुसऱ्या वर्षी. एक कोपरा छाटून पाहिला मी, स्वतः. आणि ती दुपार… संपेचना हो. चार फायली संपवल्या, पाच संपवल्या, अजून दोनच वाजलेले. माणसाने एवढा वेळ करायचं काय?" ते थोडं हसले. "मग राहू दिलं."

"चौदा वर्षं राहू दिलं."

"एवढी झाली?" साहेबांनी खरंच विचारलं. त्यांचा चेहरा निर्मळ होता.

तो निर्मळपणा कात्रीला सोसला नाही. तिने पट्ट्यातली कात्री काढली.

"अहो! इथे नाही. लेखी परवानगीशिवाय हात लावायचा नाही इथे."

"अर्ज देते ना," ती म्हणाली. "खाली रांगेत लावते. नंबर आला की बघा."

पहिलं मूळ तुटलं तसा त्यातून कोमट पाण्यासारखा वास आला, आणि एक पुटपुट. माझा आला का? माझा नंबर आला का? पुढचं तुटलं. बाळ झोपलंय, हळू बोला. पुढचं. मी उद्या येऊ का? मी उद्या पुन्हा येऊ का? तिने वर पाहिलं नाही. सोळा वर्षं सरावलेला हात होता. छतापासून खाली, खालून वर, कोपऱ्यातून दाराकडे. साहेब काहीतरी बोलत होते, मग ओरडत होते, मग शिपायाला हाका मारत होते. मग ओरडण्यातला जोर संपला. एवढा वेळ कुणाला ओरडता येत नाही.

मिनिटकाटा अडखळला. मग आपल्या चालीने चालायला लागला.

काम संपलं तेव्हा ती घामाने भिजली होती. फरशीवर मुळांचा गुडघाभर ढीग. चहा निवला होता, त्यावर साय धरली होती.

"किती वाजले?" साहेबांनी विचारलं. घड्याळ त्यांच्या समोरच होतं.

"दोन वाजून दहा."

"अजून दोनच?"

साहेबांनी खिडकीबाहेर पाहिलं. नखांकडे पाहिलं. टेबलावरचा फायलींचा गठ्ठा होता, त्याच्याकडे पाहिलं, पुन्हा खिडकीबाहेर पाहिलं. मग दुसरं काहीच करण्यासारखं उरलं नाही तेव्हा त्यांनी वरची फाईल ओढली.

*

नऊ. दहा, अकरा, बारा. खाली माणसं दचकून एकमेकांकडे बघायला लागली. पंधरा नंबरचा माणूस झोपला होता, त्याला तिघांनी हलवून उठवलं. विणकामवालीचा दोरा संपला नाही. उन्हाची तिरीप फरशीवरून सरकली आणि एका पोराने ती बोटाने दाखवली.

चाराला दहा कमी असताना एक्केचाळीसचा पुकारा झाला आणि ताई वर आली; कात्री अजून फरशीवरची मुळं गोळा करत होती. गाठोडं तिने टेबलावर ठेवलं.

"नियमात भिंतीचा तुकडा आणायची तरतूद नाही," साहेब म्हणाले. आवाज घोगरा झाला होता. एका दुपारीत त्यांच्या डोळ्यांखाली काहीतरी उमटलं होतं.

"बरं," ताई म्हणाली आणि टॉवेल सोडला.

"दार लावलंस का?"

साहेब चटकन उठले आणि त्यांनी दार लावून घेतलं. मूठ हातात असतानाच त्यांना कळलं. ते तसेच उभे राहिले, पाठमोरे. ताईने तोंडाला पदर लावला. हसत होती की काय, कात्रीला कळलं नाही.

साहेब येऊन बसले. शिक्का घेतला, शाईच्या गादीवर दाबला, आणि नोटिशीवर मारला. हयात. वर्षापुरता. पुढच्या वर्षी पुन्हा यावं लागेल, ते म्हणाले. ताई म्हणाली, येईन की.

नंतर त्यांनी कात्रीला दुसरा एक कागद दिला. त्यासाठी त्यांनी वेळ काढून ठेवला होता. विनापरवाना छाटणी, कार्यालयाच्या मालमत्तेचं नुकसान, सोमवारपासून कामावर येऊ नये. कात्रीने तो चार घड्या करून पट्ट्यात खोचला, कात्री असायची तिथे.

"पुन्हा फुटतील ती," ती जाताना म्हणाली, भिंतीकडे बोट दाखवून. "खालचीही फुटतील. खालच्यांना हात लावायचा नाही. नवीन बाई येईल, तिला सांगा. झाडू-पुसूची हौस असेल तिला."

साहेब मान डोलावत होते. ऐकत होते की पुढच्या फायलीला हो म्हणत होते, देव जाणे.

फाटकाबाहेर ताईने विचारलं, "धाकटे, ते सोळा वर्षांचं काय गं? एवढ्या लोकांचं?"

कात्रीने वळून हॉलच्या खिडक्यांकडे पाहिलं. दोघी चालायला लागल्या. मागून क्रमांक अठ्ठेचाळीसचा पुकारा झाला.

कात्रीच्या पहिल्या छाटणीच्या आधीच्या शुक्रवारी हॉलमध्ये तेवीस माणसं आली होती, आणि साडेअकराला तो रिकामा झाला होता.